त्याचा क्रमांक आणि तुझं हॅम्बुर्ग

पत्र थोडक्यात असं: लिहिणारी ३१ वर्षांची, मूळची सांगलीची. पुण्यात इंजिनिअरिंग करून गेली सहा वर्षं ती फ्रान्समध्ये, तुलूझला, विमानबांधणीच्या क्षेत्रात नोकरी करते. तीन वर्षांपासून एका फ्रेंच टेनिसपटूबरोबर राहते. तो २८ वर्षांचा. एकेरीच्या जागतिक क्रमवारीत सध्या ५२० च्या आसपास. सर्वांत वर गेला तो ३८० पर्यंत, त्यालाही तीन वर्षं झाली. वर्षातले तीसेक आठवडे तो ट्युनिशिया, इजिप्त, तुर्कस्तान नाहीतर फ्रान्समधल्याच लहान स्पर्धांमध्ये असतो. मागच्या खेपेला ट्युनिशियातल्या मोनास्तिरमध्ये दोन आठवडे खेळून त्याला ४१४ डॉलर मिळाले. तिकीट आणि हॉटेलचा खर्च त्याच्या कितीतरी पट. घरभाडं ती भरते. तो म्हणतो, "अजून दोन वर्षं." सांगलीहून बाबा दर रविवारी फोनवर विचारतात, "ते टीव्हीवर कधी दिसायचे?" लग्नाची बोलणी त्यावर अडली आहेत. कंपनीने जर्मनीत हॅम्बुर्गला बढतीवर जाणार का म्हणून विचारलं आहे, असंही एका ओळीत लिहिलं आहे. प्रश्न असा: "मी त्याला थांब म्हणू का? म्हटलं तर तो मला माफ करेल का? नाही म्हटलं तर मी स्वतःला माफ करेन का?"

प्रिय मैत्रिणी,

तुझं पत्र दोनदा सरळ वाचलं आणि तिसऱ्यांदा हातात पेन्सिल घेऊन. चार पानांत त्याचा क्रमांक तू अकरा वेळा लिहिला आहेस. कुठल्या स्पर्धेत कितव्या फेरीत हरला, कुठल्या महिन्यात किती गुण गळणार, सगळं तुला तोंडपाठ. हॅम्बुर्ग मात्र एकदाच आलं, तिसऱ्या पानाच्या तळाशी, "आणि हो" म्हणून सुरू होणाऱ्या वाक्यात. त्या ओळीकडे मी शेवटी येईन. ती माझ्या नजरेतून सुटलेली नाही, एवढं आत्ताच सांगून ठेवते.

आधी त्याच्या कामाबद्दल बोलू, कारण बाबांना ते कळलेलं नाही आणि मला वाटतं, तुलाही ते अर्धंच कळलं आहे. आपल्याकडे टेनिस म्हणजे विम्बल्डनचा शेवटचा रविवार. फ्रान्समध्ये ते गावोगावच्या क्लबात रुजलेलं आहे. क्लबाच्या स्पर्धा खेळणाऱ्या प्रत्येकाला तिथलं फेडरेशन एक श्रेणी देतं. नवखा माणूस ४० पासून सुरुवात करतो, मग ३०/५, ३०/४ असं करत ३० वर येतो, मग १५, मग शून्य, मग उणे १५, आणि त्याच्याही वर देशातले मोजके क्रमांकित खेळाडू. लाखो माणसं ही शिडी चढतात आणि बहुतेक जण मधल्या पायऱ्यांवर समाधानाने आयुष्य काढतात. तुझा माणूस त्या शिडीच्या टोकाला आहे. म्हणूनच नोव्हेंबरमधल्या आंतरक्लब लढतीच्या दिवशी एक म्हातारे गृहस्थ टोपी काढून त्याचा हात हातात घेऊन उभे राहिले आणि "मला तेव्हा उगीचच रडू आलं" असं तू लिहिलंस. ते उगीच नव्हतं. त्याचं काम किती अवघड आहे हे ओळखणारा माणूस तुला त्या दिवशी पहिल्यांदा भेटला.

अडचण अशी की त्या शिडीचं वरचं टोक म्हणजे जागतिक शिडीची अगदी खालची पायरी. तिथला हिशेब मी मांडून दाखवते, कारण तुझ्या प्रश्नाचं अर्धं उत्तर त्यातच आहे. १५ हजार डॉलर बक्षिसाच्या स्पर्धेत पहिल्या फेरीत हरणाऱ्याला १५६ डॉलर मिळतात, दुसऱ्या फेरीत हरणाऱ्याला २५८. म्हणजे त्याचे ४१४ कुठून आले ते उघड आहे: एका आठवड्यात पहिल्याच सामन्यात हार, दुसऱ्या आठवड्यात एक विजय. आता समज, तो सलग पाच सामने जिंकला आणि चषक घेऊन घरी आला. तरी मिळतात २,१६० डॉलर आणि १५ गुण. त्यातून तिकीट, हॉटेल, खाणंपिणं, रॅकेटच्या तारा वजा कर. जिंकलेल्या आठवड्यातसुद्धा हाती फारसं उरत नाही.

आणि दुसऱ्या बाजूला काय आहे? २०२५ च्या रोलँ गॅरोसमध्ये, म्हणजे फ्रेंच ओपनमध्ये, पात्रता फेरीच्या पहिल्याच सामन्यात हरलेल्या खेळाडूला २१ हजार युरो मिळाले. मुख्य स्पर्धेच्या पहिल्या फेरीत हरलेल्याला ७८ हजार. पण त्या पात्रता फेरीत शिरायला क्रमांक साधारण २२०-२३० च्या आत लागतो. नाहीतर फेडरेशनचं वाइल्ड कार्ड, म्हणजे क्रमांक न बघता दिलेला प्रवेश, आणि २८ वर्षांच्या खेळाडूपेक्षा ते उगवत्या पोरांकडे वळण्याची शक्यता जास्त. २०२४ पासून एटीपीने, म्हणजे पुरुषांच्या व्यावसायिक टेनिसच्या संघटनेने, पहिल्या २५० खेळाडूंना किमान वार्षिक उत्पन्नाची हमी दिली. २०२५ चे आकडे असे: पहिल्या शंभरांना तीन लाख डॉलर, १७५ पर्यंत दोन लाख, २५० पर्यंत एक लाख. दोनशे एक्कावन्नाव्याला ही हमी नव्हती.

हे आकडे नीट बघ. "दोन वर्षांत ४०० च्या आत येईन" असं तो म्हणतो आणि त्या ४०० वर तुम्ही दोघं घर, लग्न, बाळ सगळं टांगून बसला आहात. पण ५२० वरून ४०० वर आल्याने तुमच्या घरात काहीच बदलणार नाही. कदाचित १५ हजारांच्या वरच्या पायरीच्या स्पर्धांत थेट प्रवेश मिळेल, त्याहून वरच्या, चॅलेंजर म्हणतात त्या एखाद्या स्पर्धेच्या पात्रता फेरीत नाव लागेल. त्याच्या खेळाला ती मोठी गोष्ट आहे, तुमच्या भाड्याला नाही. ही चढण एकसारखी नाही. खाली मैलोन्‌मैल सपाट माळ आहे आणि २५० च्या आसपास एकदम उभा कडा. म्हणून "क्रमांक किती झाला की आपण ठरवू" हा प्रश्न मला मुळातच चुकीचा वाटतो. त्यातून गुण ५२ आठवड्यांनी गळतात. मागच्या मार्चमध्ये चांगला खेळला असेल तर या मार्चमध्ये तेवढंच खेळून तो जागच्या जागी राहतो. घोटा मुरगळून दोन महिने घरी बसला तर खाली येतो. अशा हलत्या आकड्याला संसाराची खुंटी करू नये.

तुझं दुसरं गृहीतक असं की बक्षिसाची रक्कम म्हणजे त्याची कमाई. पत्रात दुसऱ्या कुठल्या उत्पन्नाचा आकडा नाही. पण या पातळीवरचा फ्रेंच खेळाडू पोट भरतो ते बहुतांशी इतर ठिकाणी. वरच्या गटांच्या आंतरक्लब लढती नोव्हेंबर-डिसेंबरमध्ये होतात आणि क्लब आपल्या खेळाडूंना मानधन देतात. जुलै-ऑगस्टमध्ये जर्मनीतल्या क्लबांच्या लीग असतात. तो एका जर्मन क्लबाकडून खेळतो असं तूच लिहिलं आहेस. उन्हाळ्यात फ्रान्समधल्या बक्षिसांच्या देशांतर्गत स्पर्धा असतात, त्यांच्यासाठी विमानात बसावं लागत नाही. कधी एखाद्या वरच्या खेळाडूला सरावाला जोडीदार म्हणून बोलावणं येतं. या सगळ्याची वर्षाची बेरीज किती, हे तू त्याला कधी विचारलं आहेस का? "त्याला लाज वाटेल म्हणून विचारत नाही," असं तू लिहिलंस. मला वाटतं, तुझ्या न विचारण्याचीच त्याला जास्त लाज वाटत असेल. जिला आपला हिशेबही विचारावासा वाटत नाही, तिने आपल्याला आधीच हरलेला धरलं आहे असं माणसाला वाटतं.

तेव्हा एका संध्याकाळी कागद घेऊन बसा. गेल्या बारा महिन्यांत कुठून किती आले: बक्षिसं, फ्रेंच क्लब, जर्मन क्लब, शिकवणी. कुठे किती गेले: प्रवास, प्रशिक्षक, फिजिओ, तारा, बूट. त्याला नोकरी नाही, तो स्वतंत्र व्यावसायिक आहे. दुखापत झाली तर पगारी रजा नाही. विमा काय आहे, म्हातारपणासाठी काही जमा होतंय का, तेही विचार. आणि तुझ्या पगारातून त्या खेळात किती गेले, तेही त्याच कागदावर लिही. तू फक्त भाडं भरतेस की मोनास्तिरची तिकिटंही तुझ्या कार्डावर निघतात, हे पत्रात तू टाळलं आहेस. कागदावर टाळू नकोस. पुढच्या वर्षी द्यायचे असतील तर आकडा ठरवून दे. नसतील द्यायचे तर तसं सांग. दरवेळी गुपचूप भरून मनात टिपून ठेवणं सर्वांत वाईट, कारण त्या पैशांची परतफेड कधीच होऊ शकत नाही.

आता त्या गोष्टींबद्दल, ज्या तो तुला रात्री सांगतो. लोईस ब्वासाँची आधी असणार. २०२५ मध्ये ३६१ व्या क्रमांकावरची, दिजाँची मुलगी. आदल्या वर्षी रोलँ गॅरोसच्या तोंडावर गुडघ्याचा लिगामेंट फाटला आणि मिळालेलं वाइल्ड कार्ड वाया गेलं. वर्षभराने परत आली, पेगुला आणि आंद्रेयेवा या अव्वल खेळाडूंना हरवून उपांत्य फेरीपर्यंत गेली. स्तेफान रोबेरची गोष्टही असेल: २०१४ च्या ऑस्ट्रेलियन ओपनमध्ये पात्रता फेरीत हरला, कुणीतरी माघार घेतली म्हणून आत आला आणि चौथ्या फेरीत पोचला, वयाच्या ३३ व्या वर्षी. पुढे ३६ व्या वर्षी तो जगात पन्नासावा झाला. आणि शांघाय, ऑक्टोबर २०२५: मोनाकोचा व्हॅलेंटिन वाशेरो, क्रमांक २०४, पात्रता फेरीतून आला आणि अंतिम सामन्यात आपलाच नात्यातला भाऊ, फ्रान्सचा आर्थर रिंडरक्नेश, त्याला हरवून विजेता झाला. हा वाशेरो २०२४ मध्ये आपल्या बालेवाडीत चॅलेंजर जिंकून गेला होता.

या गोष्टी खऱ्या आहेत आणि ऐकताना माझेही डोळे भरतात. पण त्यांच्याकडे तू नीट बघावंस. ब्वासाँ तेव्हा २२ वर्षांची होती आणि दुखापतीने खाली घसरली होती. घसरलेली आणि कधी न चढलेली यात फरक आहे. वाशेरो आणि रिंडरक्नेश दोघंही टेक्सासच्या विद्यापीठात शिकून आले होते, म्हणजे टेनिस फसलं तरी हातात पदवी होती. रोबेरची गोष्ट तुझ्या माणसाच्या सर्वांत जवळची आहे, आणि ती सांगितली जाते कारण तसं क्वचितच घडतं.

मला स्वतःला त्याच्यासाठी निकोला माहूची गोष्ट जास्त मोलाची वाटते. २०१० मध्ये विम्बल्डनला जॉन इस्नरबरोबर तीन दिवस, ११ तास ५ मिनिटं खेळून पाचव्या सेटमध्ये ७०-६८ ने हरलेला तो खेळाडू. तेव्हा तो १४८ वा होता आणि पात्रता फेरी खेळून आला होता. लोकांना तेवढंच आठवतं. त्यानंतर तो दुहेरीत जगातला पहिला झाला, आणि पिएर-उग एर्बेरबरोबर चारही ग्रँड स्लॅम जिंकला. तुझा माणूस दुहेरी खेळतो का? पत्रात एकही ओळ नाही. खालच्या स्पर्धांत दुहेरीचे पैसे एकेरीहूनही कमी असतात, हे खरं. पण तिशीनंतर शरीराला ती वाट सोसते, आणि एकेरीत अडलेले कितीतरी फ्रेंच खेळाडू त्या वाटेने वर गेले आहेत. हा प्रश्न तू विचार. प्रशिक्षकाने विचारला तर त्याला ती पायउतार होण्याची सूचना वाटेल, तू विचारलास तर कदाचित कुतूहल वाटेल.

इथे या सदराच्या इतर वाचकांसाठी थोडं थांबते. मला येणाऱ्या पत्रांत दर महिन्याला एक तरी पत्र पुण्याच्या पेठांतल्या अभ्यासिकेत बसलेल्या कुणाच्या तरी बायकोचं, बहिणीचं, आईचं असतं. "अजून एक अटेम्प्ट" हे शब्द त्यांनी इतक्यांदा ऐकलेले असतात की शब्द झिजून गेलेत. तुझं "अजून दोन वर्षं" वाचताना मला तीच घरं आठवली. पण एक फरक आहे आणि तो तुझ्या विरुद्ध जातो. स्पर्धा परीक्षेला वयाची अट असते. एक दिवस सरकारच सांगतं, आता पुरे. टेनिसमध्ये असं कुणी सांगत नाही. दर आठवड्याला कुठेतरी स्पर्धा आहे, दर आठवड्याला नवा ड्रॉ निघतो. जिथे बाहेरून थांबवणारं कुणी नसतं तिथे घरातल्या माणसाला वाटू लागतं की हे काम आपलंच.

ते तुझं नाही. "मी त्याला थांब म्हणू का" या प्रश्नात असं धरलेलं आहे की त्याची कारकीर्द चालू ठेवणं किंवा बंद करणं तुझ्या हातात आहे. तू थांब म्हणालीस आणि तो थांबला, तर त्या दिवसापासून त्याच्या प्रत्येक कंटाळलेल्या सोमवारचं कारण तू होशील. तू काहीच म्हणाली नाहीस आणि तो आणखी सहा वर्षं खेळला, तर त्या सहा वर्षांचं बिल तू त्याच्यासमोर ठेवशील, शब्दांनी नाही तर चेहऱ्याने. दोन्हीत तू त्याच्या खेळाची मालकीण होतेस. तुझ्या हातात याहून लहान आणि जास्त खरी गोष्ट आहे: तू किती पैसे देणार, किती काळ, कुठल्या शहरात राहणार, मूल हवं असेल तर कधी. एवढं तू स्पष्ट सांगू शकतेस. त्यावर त्याने काय करायचं ते त्याचं.

काही वर्षांपूर्वी बालेवाडीला मी चॅलेंजर बघायला गेले होते. तिकीट नव्हतं, गर्दीही नव्हती. बाहेरच्या एका कोर्टवर परदेशातून आलेला एक खेळाडू तिसऱ्या सेटमध्ये हरला. बघणारे आम्ही जेमतेम सात-आठ जण. त्याने हात मिळवला, रिकाम्या बाटल्या स्वतःच गोळा करून डब्यात टाकल्या, मनगटाची पट्टी सोडून पिळली आणि पायरीवर बसून फोन काढला. मला वाटलं घरी फोन लावतोय. शेजारून जाताना दिसलं, तो विमानांची तिकिटं बघत होता. पुढचं शहर, त्याहून पुढचं शहर. दहा मिनिटांनी उठला तेव्हा त्याचा चेहरा हलका झाला होता, पुढचं तिकीट निघालं म्हणून. त्या दिवशी मला कळलं की ही माणसं पुष्कळदा आशेवर जगत नाहीत, वेळापत्रकावर जगतात. पुढची नोंदणी असली की आजचा पराभव संपतो. तुझ्या माणसाला विचारायचं ते हेच: तुला खेळायला अजून आवडतं, की पुढच्या आठवड्याची नोंदणी केली की बरं वाटतं? यांतलं दुसरं उत्तर आलं तर घाबरू नकोस, पण ते ऐकून घे.

त्याच्या "दोन वर्षां"बद्दल. मी तुझ्या जागी असते तर दोन वर्षं मान्य केली नसती आणि नाकारलीही नसती. म्हणाले असते, डिसेंबरपर्यंत. आंतरक्लब लढती संपल्या की फ्रेंच खेळाडूंचं वर्ष तसंही संपतं आणि तेव्हा हातात वर्षाचा हिशेब असतो. तोवर किती आठवडे बाहेर, कुठे, किती पैशांत, ते आधी लिहून काढायचं. मोनास्तिर, शर्म अल-शेख, अंताल्या इथे हॉटेलात मुक्काम ठोकून आठवड्यामागून आठवडे खेळणं सोयीचं आहे. पण त्यातले निम्मे आठवडे कमी करून फ्रान्समधल्या एक पायरी वरच्या स्पर्धा आणि चॅलेंजरच्या पात्रता फेऱ्या घेतल्या तर निदान कळेल की वरच्या पातळीवर तो सामने जिंकतो की नाही. डिसेंबरात मोजायचं ते क्रमांक नाही: वरच्या पातळीवर जिंकलेले सामने, शरीर कसं आहे, आणि तुम्हा दोघांच्या कागदावरची बेरीज. मग पुढचा डिसेंबर.

आणि एक गोष्ट डिसेंबरची वाट न बघता. फ्रान्समध्ये टेनिसचा पूर्णवेळ शिक्षक व्हायला सरकारमान्य पदविका लागते. तिला डीई जेप्स म्हणतात. कितीही मोठा खेळाडू असला तरी ती नसेल तर क्लबात पूर्णवेळ शिक्षक म्हणून पगार घेता येत नाही. आज ना उद्या त्याला ती लागणारच, ३० व्या वर्षी थांबला काय नि ३६ व्या वर्षी थांबला काय. प्रवेशाच्या अटी काय, खेळता खेळता करता येते का, त्याच्या विभागीय लीगमध्ये याची चौकशी त्याने याच महिन्यात करावी. "टेनिस सोडल्यावर काय" असा विषय काढलास तर तो गप्प होईल. "जूनमध्ये अर्ज भरायचा का" असं विचारलंस तर बोलेल.

एक छोटी पण काळजीची गोष्ट. प्रत्येक पराभवानंतर त्याच्या फोनवर शिव्या येतात, असं तू लिहिलंस. ते जुगारात पैसे हरलेले लोक. लहान स्पर्धांवरही पैसे लावले जातात, म्हणून ४१४ डॉलर मिळवणाऱ्या माणसाला अनोळखी लोक मरणाच्या धमक्या देतात. ते संदेश तू वाचत बसू नकोस, त्यालाही सामना संपल्यावर तासभर फोन बंद ठेवायला सांग. आणि कुणी सामन्याबद्दल पैसे देऊ केले तर नकार देणं पुरेसं नसतं, इंटरनॅशनल टेनिस इंटेग्रिटी एजन्सीला कळवणं नियमाने बंधनकारक असतं. त्याचा खांदा दुखतोय हे घरच्या ग्रुपवरही लिहू नकोस. अशी माहिती फिरत फिरत नको तिथे पोचते.

बाबांबद्दल. "टीव्हीवर कधी दिसणार" हा टोमणा आहे असं तू धरलंस. असेलही. पण सांगलीतल्या माणसाला ही विचारपूस करायला दुसरे शब्दच सापडत नसतील तर? त्यांना एवढंच सांग: तो फ्रान्समधल्या पहिल्या फळीतल्या क्लबाकडून खेळतो, वर्षाला इतकं मिळवतो, इतकं खर्च होतं, पुढे शिकवण्याची पदविका घेणार आहे. आकडे सांगितलेस तर त्यांच्या मनातली भीती अर्धी होईल. मुलीच्या बापाला बहुतेक वेळा आकडेच हवे असतात. शक्य झालं तर नोव्हेंबरात त्यांना तुलूझला बोलव आणि क्लबाच्या लढतीला घेऊन जा. त्या टोपीवाल्या गृहस्थांच्या शेजारी बसव.

लग्न भारतात करायचं ठरलं तर विशेष विवाह कायद्याने करावं लागेल. त्यासाठी दोघांपैकी एकाचा तरी त्या जिल्ह्यात ३० दिवसांचा मुक्काम हवा, आणि नोटीस दिल्यावर आणखी ३० दिवस. त्याच्या वेळापत्रकात हे बसणार नाही, तुझ्या रजेत बसवता येतं का बघ. फ्रान्समध्ये केलंत तर आधी नोतेरकडे, म्हणजे तिथल्या नोटरीकडे, जाऊन मिळकत वेगळी ठेवण्याचा करार करता येतो. न केल्यास लग्नानंतरची कमाई दोघांची धरली जाते. एकाचा पगार ठरलेला आणि दुसऱ्याचा धंदा अनिश्चित असेल तर हा करार करण्यात अविश्वास नसतो.

आता हॅम्बुर्ग.

"आणि हो, कंपनीने हॅम्बुर्गसाठी विचारलंय, पण ते काही आत्ता शक्य नाही, त्याला अजून सांगितलेलं नाही." तुझ्या पत्रातलं हे एकच वाक्य तुझ्याबद्दल आहे. बाकी सगळं त्याच्याबद्दल. तीन आठवडे ती मेल तू उघडून बंद करतेस. तू विचारलंस, "मी स्वतःला माफ करेन का?" मला वाटतं, तो प्रश्न त्याच्या टेनिसमुळे आलेलाच नाही. बढती नाकारण्याच्या विचारात तू आहेस, त्याला न सांगता, आणि त्याची किंमत त्याच्या खात्यात मांडायला मनाने सुरुवातही केली आहेस. त्याने तुझ्याकडे हा त्याग मागितलेला नाही. त्याला माहीतच नाही.

शक्य नाही असं का धरलंस? त्याचं दुकान पाठीवरच्या बॅगेत आहे. वर्षातले तीस आठवडे तो तुलूझमध्ये नसतोच. अंताल्याला विमान हॅम्बुर्गहूनही जातं. उन्हाळ्यात तो जर्मनीतच खेळतो. दुसरी बाजूही आहे, ती झाकत नाही: त्याचा प्रशिक्षक तुलूझला आहे, सरावाची कोर्टं क्लबाने दिलेली आहेत, हॅम्बुर्गला लाल मातीवर बाहेर खेळायचे महिने कमी, आणि फ्रेंच पदविका करायची तर फ्रान्समध्ये राहणं सोपं. कदाचित वर्षभर तू तिथे आणि तो इथे, असंही होईल. तुम्ही आत्ताही वर्षातला निम्म्याहून जास्त काळ फोनवरच राहता; त्यात तो दूर असतो, या खेपेला तू असशील. कदाचित तो म्हणेल, मी येतो. कदाचित म्हणेल, नाही येत. दोन्ही उत्तरांची तुला भीती वाटते: पहिल्यात तुझ्यासाठी त्याने काही सोडल्याचं ओझं, दुसऱ्यात तीन वर्षांचा अर्थ काय हा प्रश्न. पण हे उत्तर मिळवल्याशिवाय त्याच्या टेनिसचा निर्णय करायला बसणं म्हणजे अर्धी वही झाकून हिशेब करणं.

तू लिहिलंस की तो रविवारी अंताल्याहून परततोय. त्या दिवशी काही बोलू नकोस, कपड्यांची मशीन लावा, जेवा, झोपा. सोमवारी तो थकलेला असतो. मंगळवारी रात्री तो जेवणाच्या टेबलावर गटिंगचं मशीन लावून बसतो, चार रॅकेटा ओळीने ठेवून, आणि तार ताणताना येणारा तो टक्‌ असा आवाज तुला झोपेतही ओळखता येतो, असं तू फार सुंदर लिहिलं आहेस. पहिली रॅकेट पूर्ण होऊ दे. दुसरीला हात घालायच्या आत हॅम्बुर्गची मेल छापून त्याच्यासमोर ठेव, आणि तू काय ठरवायच्या बेतात होतीस तेही सांग. हिशेबाचा कागद, डिसेंबर, पदविका, सगळं त्यानंतरच्या दिवसांत. कंपनीला उत्तर द्यायला ३० तारखेपर्यंत वेळ आहे, तेवढा पुरेसा आहे.

काय ठरलं ते मला कळव. बाबांना त्याच्या आधी कळव.